तटबंदी आणि तिचा पाया

सवाई जयसिंह दुसरे यांनी १७२७ मध्ये वसविलेल्या जयपूर नगरीस तटबंदी होती आणि सात दरवाजे होते. ये-जा व्हावी ती दरवाजातूनच, हे त्या रचनेचे मर्म. आज जोहरी बाजारातील पेढी असो वा सांगानेरच्या छपाईच्या कापडाचा व्यापार, हिशेब आणि बँक-व्यवहार संगणकावर आले आहेत. तेथील दरवाजावर पहारा असतो तो ‘फायरवॉल’चा.

पूर्वी फायरवॉल म्हणजे स्वतंत्र यंत्र असे. २००७ मध्ये लिनक्सच्या गाभ्यात ‘केव्हीएम’चा समावेश झाला आणि एकाच सर्व्हरवर अनेक आभासी संगणक चालविणे सुलभ झाले. फायरवॉलही आता त्यांपैकीच एक असू शकते. यंत्राचा खर्च वाचतो, जागा वाचते. मध्यम व्यावसायिकाने हा मार्ग जरूर स्वीकारावा. मात्र पहारेकरी ज्या जमिनीवर उभा आहे, ती आधी पारखून घ्यावी.

मे २०१५ मध्ये उघडकीस आलेला ‘व्हेनम’ हा दोष या दृष्टीने बोलका आहे. फ्लॉपीचा वापर केव्हाच मागे पडला होता. परंतु आभासी संगणकांसाठी तिची नक्कल करणारी आज्ञावली २००४ पासून तशीच राहिली होती. तिच्यातील त्रुटीमुळे एका आभासी संगणकातून थेट मूळ सर्व्हरवर ताबा मिळविण्याची शक्यता निर्माण झाली. मूळ सर्व्हरच परक्या हाती गेल्यावर त्यावरील फायरवॉलचे नियम कितीही कडक असले, तरी ते निरर्थक ठरतात.

म्हणून काही पथ्ये अटळ ठरतात. इंटरनेटची तार ज्या जोडणीत येते, ती केवळ फायरवॉलसाठी राखावी. मूळ सर्व्हरला त्या जोडणीवर पत्ताच देऊ नये. आतील संगणकांना बाहेर जाण्यासाठी दुसरी वाट ठेवू नये. सर्व्हरच्या व्यवस्थापनासाठी वेगळी, कार्यालयापुरती मर्यादित जोडणी असावी. सुधारणा वेळच्या वेळी बसवाव्यात, नको असलेली आभासी उपकरणे काढून टाकावीत. सर्व्हर बंद पडल्यास फायरवॉलही बंद पडते, हे ध्यानी घेऊन दुसऱ्या यंत्रावर पर्यायी व्यवस्था सज्ज असावी.

बँक आपल्या दाराशी पहारा ठेवते. ग्राहकाच्या कार्यालयाचे दार मात्र ग्राहकानेच राखावयाचे असते. यंत्रावर वाचलेल्या रकमेतील काही भाग जाणकार तंत्रज्ञाच्या नियमित तपासणीवर खर्च करणे, हीच खरी काटकसर होय.