ही स्वेच्छा कोणाची?

स्वेच्छानिवृत्तीतील ‘स्वेच्छा’ नेमकी कोणाची, हा प्रश्न प्रकरण न्यायालयाच्या पायरीवर जाईपर्यंत सहसा कोणी विचारीत नाही. पिंपरी-चिंचवडपासून चाकणपर्यंतच्या कारखान्यांतून हा शब्द आता इतका रुळला आहे की, तो उच्चारताना मालक संकोचत नाही आणि कामगारही दचकत नाही. अशा वेळी बँक कर्मचाऱ्यांनी या शब्दाच्या अर्थासाठी दिलेला दीर्घ न्यायालयीन लढा या पट्ट्याने नीट अभ्यासावा, असे आम्हांस वाटते.

राष्ट्रीयीकृत बँकांनी २००० सालच्या अखेरीस जवळजवळ एकाच साच्याची योजना जाहीर केली. पंधरा वर्षांची सेवा किंवा चाळीस वर्षांचे वय ही पात्रता. पूर्ण झालेल्या प्रत्येक वर्षामागे साठ दिवसांचा पगार, किंवा उरलेल्या सेवाकाळाचा पगार, यांत जी रक्कम कमी असेल ती सानुग्रह मिळावयाची. लाखाच्या घरात माणसे या वाटेने बाहेर पडली. संगणक आले होते, खर्च पेलवत नव्हता, हे बँकांचे म्हणणे निराधार नव्हते. आक्षेप योजनेच्या हेतूला नव्हे, तिच्या मसुद्याला होता. एकदा केलेला अर्ज मागे घेता येणार नाही, असे त्यात बजावलेले होते; मात्र तो स्वीकारावयाचा की नाकारावयाचा, याची पूर्ण मोकळीक बँकेने स्वतःकडे ठेवली होती. एका बाजूला बेडी आणि दुसऱ्या बाजूला मुभा, असा हा करार!

अनेकांनी अर्ज स्वीकारला जाण्यापूर्वीच तो मागे घेतला. बँकांनी ती माघार न जुमानता त्यांना निवृत्त केले. उच्च न्यायालयांचे निर्णय परस्परविरोधी आले आणि अखेर बँक ऑफ इंडिया विरुद्ध स्वर्णकार या खटल्यात १७ डिसेंबर २००२ रोजी सर्वोच्च न्यायालयाने निवाडा दिला. योजना हे केवळ प्रस्तावाचे निमंत्रण आहे. खरा प्रस्ताव म्हणजे कर्मचाऱ्याचा अर्ज. आणि १८७२ च्या करार कायद्याप्रमाणे प्रस्ताव स्वीकारला जाईपर्यंत तो मागे घेता येतो, असा त्याचा आशय होता. ‘माघार नाही’ हे कलम मोबदल्यावाचून लादलेले असल्याने ते कर्मचाऱ्यावर बंधनकारक ठरले नाही. ज्यांनी योजनेचे पैसे स्वीकारले, त्यांना मात्र मागे फिरता येणार नाही, असेही न्यायालयाने सांगितले. ते न्याय्यच होते. परंतु पगाराचे खाते ज्या बँकेत, तीच बँक मालक असेल, तर रक्कम खात्यावर परस्पर जमा होण्यास किती वेळ लागतो? पैसे स्वीकारले असे केव्हा म्हणावयाचे, यावरही मग खटले उभे राहिले.

खरी झुंज पुढे निवृत्तिवेतनाची झाली. १९९५ च्या निवृत्तिवेतन विनियमांतील २९ व्या विनियमानुसार वीस वर्षांच्या सेवेनंतर स्वेच्छेने निवृत्त होणाऱ्यास, एकूण तेहेतीस वर्षांच्या मर्यादेत, पाच वर्षांपर्यंत वाढीव सेवा धरून मिळते. योजना काढताना बँकांनी विनियमांनुसार निवृत्तिवेतन देण्याचे आश्वासन दिले आणि माणसे गेल्यावर ही पाच वर्षे नाकारली. आधार कशाचा, तर योजना संपल्यानंतर, २००२ मध्ये, पूर्वलक्षी प्रभावाने केलेल्या दुरुस्तीचा. मोहनदास खटल्यात २७ मार्च २००९ रोजी सर्वोच्च न्यायालयाने हे मान्य केले नाही. करारातील संदिग्धतेचा तोटा तो लिहिणाऱ्याने सोसावा, हे तत्त्व त्याने बँकांना लागू केले. स्टेट बँकेत पंधरा वर्षांच्या सेवेवर बाहेर पडलेल्यांना तर प्रमाणशीर निवृत्तिवेतनाच्या निकालासाठी मार्च २०२० पर्यंत थांबावे लागले. योजना २००१ च्या आरंभीची. पंचेचाळिशीत घरी गेलेला माणूस निकाल येईतो चौसष्टीला पोहोचला.

आणि हे सारे ज्यांच्या मागे संघटना होत्या, छापील विनियम होते, त्यांच्या बाबतीत घडले. आकुर्डीच्या बजाज ऑटोमधील उत्पादन २००७ साली थांबले. तळेगावची जनरल मोटर्स २०२० च्या अखेरीस थंडावली. दोन्हीकडे कामगारांपुढे रक्कम घेऊन बाहेर पडण्याचेच कागद आले. राष्ट्रीयीकृत बँक ही राज्यसंस्थेचे अंग असल्याने तिचा कर्मचारी थेट उच्च न्यायालयाचे दार ठोठावू शकतो. खाजगी कारखान्यातील कामगाराला सामान्यतः ती वाट नाही. शिवाय १९४७ च्या औद्योगिक विवाद कायद्याने स्वेच्छानिवृत्ती ही कामगारकपातीच्या व्याख्येतून वगळली आणि २०२० च्या औद्योगिक संबंध संहितेनेही तेच कायम ठेवले. मोठ्या कारखान्यात कपातीसाठी सरकारची परवानगी काढावी लागते. कामगाराने स्वतःच सही केली की ती लागत नाही. या सहीसाठी व्यवस्थापनाची इतकी घाई का, याचे उत्तर येथे आहे. सक्ती झाली असे पुढे म्हणावयाचे, तर ती सिद्ध करण्याचा भार कामगारावरच येतो. आणि फाटकाआडच्या खोलीत झालेल्या बोलण्याला साक्षीदार कोठून आणावयाचा?

सरकारने निदान एवढे करावे. अशा प्रत्येक योजनेची प्रत प्रसिद्धीपूर्वी कामगार आयुक्तांकडे दाखल व्हावी. भविष्यनिर्वाह निधी, उपदान, प्राप्तिकर आणि निवृत्तिवेतन यांचा त्या त्या माणसाचा हिशेब लेखी व मराठीतून अर्जासोबत जोडलेला असावा. व्यवस्थापनाने स्वीकृती कळविण्यापूर्वी आणि रक्कम खात्यावर जाण्यापूर्वी माघारीसाठी ठरावीक दिवस मोकळे राहावेत. पुण्याच्या अपर कामगार आयुक्तांनी या पट्ट्यातील पुढच्या योजनेपासूनच व्यवस्थापनांकडे हा आग्रह धरावा. आणि चाकणच्या संघटनांनी आपल्या पुढच्या वेतनकरारात हीच तीन कलमे घालून घ्यावीत. त्यासाठी दिल्लीच्या कायद्याची वाट पाहण्याचे कारण नाही.