थांबा, गेम अपडेट होतोय!

शुक्रवार, रात्रीचे साडेनऊ. हापिसातून येऊन जेवण झालंय, उद्या सुट्टी. आठवडाभर बॅगेच्या तळाशी पडलेला स्विच बाहेर काढता, सोफ्यावर मस्त तंगड्या पसरता, गेमच्या चित्रावर बोट ठेवता... आणि स्क्रीनवर येतं, अपडेट उपलब्ध आहे! मग तो निवांतपणे सरकणारा पट्टा. बारा टक्के. तेरा टक्के. पुन्हा तेराच. तोवर फोन हातात घ्यावा तर हापिसच्या ग्रुपवर बॉसचा मेसेज. झालं, पोपट!

तुम्हाला वाटेल, एवढं काय त्यात? मोबाइलवर तर रोज डझनभर अॅप्स अपडेट होतात. पण मोबाइलचं अॅप बहुतेकदा फुकट असतं. हातातल्या कन्सोलचा गेम तुम्ही चार-पाच हजार मोजून आणलेला असतो, आणि दिवसाकाठी त्याच्यासाठी मिळतो जेमतेम पाऊण तास. त्या पाऊण तासातला अर्धा वेळ पट्ट्याकडे बघण्यात गेला तर डोकं फिरणारच ना?

आधी हे होतं कसं ते बघू. तुम्ही विकत आणलेलं कार्ट्रिज म्हणजे फक्त वाचता येणारी चिप. त्यावर जे छापलंय ते छापलंय, पुस्तकासारखं. अपडेट त्या चिपवर जातच नाही. ते उतरतं कन्सोलच्या मेमरीत नाहीतर मायक्रो एसडी कार्डावर. गेम चालू केला की कन्सोल दोन्ही एकत्र वाचतो आणि जिथे नवीन फाइल असेल तिथे जुनीऐवजी नवीन घेतो. म्हणजे पुस्तक तेच, फक्त आत शुद्धिपत्राचा कागद सरकवलेला. आता हा कागद कधीकधी पुस्तकापेक्षा जाड होतो, ही गोष्ट वेगळी!

एके काळी शुद्धिपत्राची सोयच नव्हती. निन्टेन्डोचा गेम बॉय १९८९ साली आला, तेव्हा गेममधली चूक ही जन्माची सोबतीण. ‘पोकेमॉन रेड’ आणि ‘ब्लू’मधला मिसिंगनो आठवतोय? आधी एका म्हाताऱ्याशी बोलायचं, मग सिनाबार बेटाच्या किनाऱ्याला लागून पोहत राहायचं. समोर एक तुटक्या चौकोनांचा विचित्र प्राणी यायचा आणि तुमच्या पिशवीतली सहाव्या नंबरची वस्तू एकदम शंभराच्या वर जायची. ही सरळ सरळ प्रोग्रॅमिंगमधली चूक. आज असती तर आठवड्याच्या आत पॅच येऊन सगळी मजा गेली असती. तेव्हा काही करताच येत नव्हतं म्हणून ती शाळाशाळांतून पसरली आणि पोरांच्या दंतकथेत जाऊन बसली.

पण सगळ्याच चुका अशा गोड नव्हत्या. २००२ साली जपानमध्ये आणि पुढच्या वर्षी बाहेर आलेल्या ‘पोकेमॉन रुबी’ आणि ‘सफायर’मध्ये साधारण वर्षभर खेळल्यावर बेरीज वाढायच्या थांबायच्या. (बेरीज म्हणजे फळं हो, गणितातली नव्हे! चूक मात्र खरोखरच हिशेबातली होती, गेमच्या आतलं घड्याळ वर्ष उलटताना गडबडायचं.) इंटरनेट तर नाही, मग दुरुस्ती पोहोचवायची कशी? निन्टेन्डोने भन्नाट डोकं लढवलं. नंतर आलेल्या ‘फायररेड’, ‘लीफग्रीन’ आणि ‘एमराल्ड’मध्येच दुरुस्तीचा छोटासा प्रोग्रॅम टाकून दिला. मित्राकडे नवा गेम असेल तर दोघांचे गेम बॉय केबलने जोडायचे, की तुमच्या घड्याळाचा हिशेब मार्गी. म्हणजे अपडेट चक्क एका पोराच्या हातातून दुसऱ्याच्या हातात जायचं. मला विचाराल तर इतकं माणसाळलेलं अपडेट नंतर कधी झालंच नाही.

आणि मग आला पीएसपी. डिसेंबर २००४ मध्ये जपानला, मार्च २००५ मध्ये अमेरिकेला. आपल्याकडे लॅमिंग्टन रोड आणि तपकीर गल्लीत ज्यांच्या चकरा झाल्यात, त्यांना हा काळा चकचकीत प्रकार वेगळा सांगायला नको. कॉलेजच्या कट्ट्यावर एखाद्याने खिशातून पीएसपी काढला की बाकीच्यांची बोलतीच बंद! पण ‘अपडेट’ या शब्दाची खरी भीती आपल्या पिढीला लावली ती यानेच.

झालं असं, की सोनीने यात फर्मवेअर बदलायची सोय दिली होती. फर्मवेअर म्हणजे कन्सोल चालवणारा मूळ प्रोग्रॅम. २००५ मध्ये आलेल्या २.०० व्हर्जनने तर चक्क वेब ब्राउझर दिला, फुकटात! पण त्याच अपडेटने आधीच्या १.५० मध्ये लोकांनी शोधून काढलेल्या पळवाटाही बुजवल्या. या पळवाटांतून हौशी मंडळी स्वतः लिहिलेले गेम्स चालवायची आणि, खोटं कशाला बोला, फुकटात उतरवलेलेही. त्यामुळे दोन पार्ट्या पडल्या. एक, ब्राउझर पाहिजे म्हणून अपडेट करणारी. दुसरी, काही झालं तरी अपडेट करणार नाही म्हणणारी. गंमत म्हणजे नव्या गेमच्या यूएमडी डिस्कवरच फर्मवेअर यायचं. अपडेट करा, नाहीतर हा गेम चालणार नाही. घ्या!

या भांडणात काहींचा कायमचा पचका झाला. ऑक्टोबर २००५ मध्ये ‘जुन्या व्हर्जनवर परत नेतो’ असं सांगणारी एक फाइल फिरत होती. प्रत्यक्षात ती पीएसपीतल्या अत्यावश्यक फाइल्सच उडवायची. कन्सोल मग चालूच होत नसे. याला गेमर भाषेत म्हणतात ‘ब्रिक’ होणं, म्हणजे पंधरा-वीस हजारांची वीट. आणि त्या विटेचा उपयोग काय? विटेवर उभं राहायला आपण काही विठोबा नाही.

सरळमार्गी अपडेटलासुद्धा धाकधूक असायची. चार्जर लावलेला हवा आणि बॅटरीही भरलेली हवी, त्याशिवाय पीएसपी सुरुवातच करायचा नाही. दोन्ही कशाला? तर मध्येच वीज गेली तर बॅटरीने तारून न्यावं. लोडशेडिंगच्या त्या दिवसांत मुंबईबाहेरच्या पोरांना ही अट कुणी समजावून सांगायला लागली नाही.

पुढे वाय-फाय घरोघरी आलं आणि अपडेट सोपं झालं. निन्टेन्डोच्या थ्रीडीएसवर ‘मारिओ कार्ट ७’मध्ये एका ट्रॅकवर मोठाच शॉर्टकट सापडला होता, ऑनलाइन रेसमध्ये जो तो तिथूनच उडी मारायचा. मे २०१२ मध्ये पॅच आला, विषय संपला. ऑक्टोबर २०१३ मध्ये ‘पोकेमॉन एक्स’ आणि ‘वाय’ आले. त्यात लुमिओज शहराच्या काही भागात गेम सेव्ह केला तर तो पुन्हा सुरूच होत नव्हता. याचाही पॅच त्याच महिन्यात. विचार करा, हे २००३ मध्ये झालं असतं तर? तीस तास खेळलेला गेम घेऊन पोरगं रडत बसलं असतं आणि आईने सांगितलं असतं, बरं झालं, आता अभ्यास कर.

म्हणजे अपडेट चांगलं की वाईट? चांगलंच आहे. पण सोय मिळाली की सवय बिघडते, आणि इथे ती कंपन्यांची बिघडली. तुमच्यापैकी निम्मे जण आयटीत आहात, तेव्हा हे डायलॉग तुम्हीच रोज ऐकता. ‘डेट हलणार नाही, आता सोडून द्या, नेक्स्ट रिलीजमध्ये फिक्स करू.’ गेमचंही तेच झालंय. नोव्हेंबर २०२२ मध्ये ‘पोकेमॉन स्कार्लेट’ आणि ‘व्हायोलेट’ स्विचवर आले. खेळताना चित्र अडखळायचं, माणसं जमिनीत घुसायची, लांबची पवनचक्की स्लाइड शो असल्यासारखी फिरायची. तरी तीन दिवसांत एक कोटीच्या वर प्रती खपल्या! डिसेंबरच्या पहिल्या अपडेटबरोबर निन्टेन्डोने दिलगिरी व्यक्त केली. गेम खऱ्या अर्थाने गुळगुळीत चालायला लागला तो जून २०२५ मध्ये, तोही स्विच २ वर, म्हणजे तुम्ही नवा कन्सोल घेतलात तर. त्या अपडेटचे पैसे घेतले नाहीत हे खरं, पण कन्सोल कुणी फुकट दिला?

उलटी बाजूही आहे. ‘अॅनिमल क्रॉसिंग: न्यू होरायझन्स’ मार्च २०२० मध्ये आला, ऐन लॉकडाऊनच्या तोंडावर. त्याच्या अपडेट्सची लोक सणासारखी वाट बघायचे. नोव्हेंबर २०२१ च्या २.० अपडेटमध्ये कॉफी शॉप आलं, स्वयंपाक आला, आणि एकाही पैशाची मागणी नाही. हा माझ्या मते अपडेटचा आदर्श नमुना. आधी पूर्ण जेवण वाढा, मग श्रीखंड आणा. अर्धं ताट वाढून ‘भाजी डिसेंबरमध्ये’ असं सांगू नका.

काही वेळा मात्र खेळणाऱ्यालाच अपडेट नको असतं. मे २०२३ मध्ये ‘झेल्डा: टिअर्स ऑफ द किंगडम’ आला आणि लोकांनी लगेच वस्तूंच्या प्रती काढायच्या युक्त्या शोधल्या. एकाचे दोन, दोनाचे चार, हिरे विकून गब्बर व्हा. महिना संपायच्या आत आलेल्या पॅचने त्यातल्या बऱ्याच युक्त्या बंद केल्या. आमच्या ग्रुपमधल्या एकाने त्या दिवसापासून कन्सोल फ्लाइट मोडवर टाकला तो थेट गेम संपेपर्यंत. एकट्याने खेळायच्या गेममध्ये मी कुणाला फसवतोय, असा त्याचा सवाल. मला तरी उत्तर सुचलं नाही.

आता आपल्या रोजच्या प्रश्नाकडे. पाच जीबीचं अपडेट समजा. घरी ४० एमबीपीएसचं कनेक्शन असेल तर साधारण १७ मिनिटं. चहा होईपर्यंत काम तमाम. पण हिंजवडीच्या पीजीमध्ये बारा जणांत वाटलेलं वाय-फाय तुमच्या वाट्याला ४ एमबीपीएस देत असेल तर? पावणेतीन तास. आणि मोबाइलच्या हॉटस्पॉटवर, रोजच्या दोन जीबीच्या पॅकमध्ये, तीन दिवस! शुक्रवारचा गेम रविवारी सुरू.

म्हणून शुक्रवारची वाट बघूच नका. स्विचच्या सिस्टीम सेटिंग्जमध्ये ऑटो-अपडेट चालू ठेवा आणि हापिसात जाताना कन्सोल पूर्ण बंद न करता स्लीप मोडमध्ये चार्जिंगला लावा. तुम्ही मीटिंगमध्ये जांभया देत असताना तो आपलं काम करून ठेवतो. ज्यांचा डेटा मोजका आहे त्यांनी मात्र हे बंदच ठेवलेलं बरं, नाहीतर हॉटस्पॉट मिळाला रे मिळाला की तो दोन जीबी गट्टम करेल. जागा कमी पडली तर गेम डिलीट करायला घाबरू नका. तुमचा सेव्ह कन्सोलच्या अंतर्गत मेमरीत वेगळा असतो, गेम काढला तरी तो जात नाही. फक्त ‘सेव्ह डेटा डिलीट’ या वेगळ्या पर्यायाच्या वाटेला जाऊ नका.

आणखी एक, जे फारच थोड्यांना माहीत असतं. दोघे मित्र डेक्कन क्वीनने निघालात, घाटात नेटवर्क गुल, दोघांकडे एकच गेम पण व्हर्जन वेगळं. एकत्र खेळता येईना. अशा वेळी गेमवर प्लसचं बटण दाबून सॉफ्टवेअर अपडेटमध्ये जा. तिथे ‘मॅच व्हर्जन विथ लोकल युजर्स’ असा पर्याय आहे. ज्याच्याकडे नवं व्हर्जन आहे त्याच्या कन्सोलवरून दुसऱ्याकडे अपडेट जातं, इंटरनेटशिवाय. बेरीजवाल्या केबलची आठवण झाली की नाही?

आता जरा काळजीचं. थ्रीडीएसचं ऑनलाइन दुकान २७ मार्च २०२३ ला बंद झालं, ऑनलाइन खेळणं एप्रिल २०२४ मध्ये. पीएसपीवर नवीन खरेदी जुलै २०२१ मध्येच थांबली. थ्रीडीएसचे जुने पॅच दुकान बंद झाल्यावरही उतरवता येतील असं निन्टेन्डोने तेव्हा सांगितलं, पण कायमचे, असं नाही. तो सर्व्हर ज्या दिवशी बंद होईल, त्या दिवसानंतर फॉरमॅट केलेल्या थ्रीडीएसवर ‘पोकेमॉन एक्स’ पुन्हा लुमिओज शहरात अडकू शकेल. गेम बॉयचं कार्ट्रिज मात्र पस्तीस वर्षांनीही आहे तस्सं चालतं, चुकांसकट. स्विच २ वर तर ‘गेम-की कार्ड’ नावाचा प्रकार आलाय. कार्डात गेम नाहीच, फक्त किल्ली. गेम पहिल्यांदा इंटरनेटवरून उतरवायचा आणि खेळताना कार्डही आत लागतं. रिकामा डबा विकत घ्यायचा आणि जेवण आपणच मागवायचं! असा गेम घेताना खोक्यावर ते लिहिलेलं असतं, तेवढं वाचून घ्या आणि मगच पैसे काढा.

सेकंडहँड घेणाऱ्यांनीही लक्षात ठेवा. विकणारा ‘फुल अपडेटेड आहे बॉस’ म्हणत असेल तर हसून सोडून द्या. अपडेट त्याच्या कन्सोलवर आहे, कार्ट्रिजवर नाही. तुमच्या कन्सोलमध्ये घातलं की पट्टा पहिल्यापासून सुरू. आणि दिवाळीला भाच्याला आपला जुना गेम देणार असाल तर ताईकडे वाय-फाय कसं आहे ते आधी विचारा, नाहीतर भाऊबीजेची अख्खी दुपार तो तुमच्या मोबाइलचा हॉटस्पॉट मागत बसेल.