कीर्तन एक, धर्म दोन
अहिल्यानगर : ज्यू आणि ख्रिस्ती गायकांनी एकत्र भक्तिसंगीत सादर करण्याचे प्रयोग पाश्चात्त्य देशांत होतात, तेव्हा त्यांचे नावीन्य म्हणून कौतुक होते. महाराष्ट्रात मात्र या दोन्ही समाजांनी एकोणिसाव्या शतकातच एक समान गायनप्रकार स्वीकारला होता. तो म्हणजे मराठी कीर्तन.

अमेरिकन मराठी मिशनने १८३१ मध्ये अहमदनगरला केंद्र उघडले. पुढे येथेच कृष्णराव रत्नाजी सांगळे यांनी ख्रिस्ती कीर्तन रुजविले. १८९५ मध्ये ख्रिस्ती झालेले कवी नारायण वामन टिळक यांनी नगरमधील वास्तव्यात अभंग-ओवीच्या वळणाची भजने रचली. त्यामुळे पाश्चात्त्य चालींवरील भाषांतरित गीतांना अस्सल मराठी पर्याय मिळाला.

मुंबईतील बेने इस्रायल समाजातही १८८० च्या सुमारास कीर्तने सुरू झाली. बेंजामिन शिमशोन अष्टमकर यांच्यासारख्यांनी अब्राहाम, योसेफ यांची चरित्रे मराठीत गायिली. साम्य येथवर आहे. हेतू मात्र भिन्न होते. ख्रिस्ती कीर्तनकार श्रोत्यांना नव्या धर्माकडे बोलावीत होता, तर ज्यू कीर्तनकार स्वकीयांना स्वधर्मात घट्ट राखत होता.

या भेदामागे इतिहास आहे. स्कॉटिश मिशनरी जॉन विल्सन यांनी १८३२ मध्ये मराठीतून हिब्रू व्याकरण प्रसिद्ध केले. मिशनच्या शाळांतून बेने इस्रायलांना हिब्रू आणि मराठी शास्त्रग्रंथ लाभले. उद्देश धर्मांतराचा होता. परंतु त्या समाजाने ज्ञान स्वीकारले आणि धर्म सोडला नाही.

आज एकत्र गायनाचा विचार करताना हे विसरून चालणार नाही. दाविदाची स्तोत्रे दोघांनाही पूज्य आहेत. मात्र ख्रिस्ती ज्यांना ‘जुना करार’ म्हणतात, ते ग्रंथ ज्यूंच्या दृष्टीने जुने नाहीत. तेच त्यांचे संपूर्ण शास्त्र आहे. एकमेकांच्या श्रद्धेवर हक्क न सांगता गायिले, तरच ते सहगान ठरेल.

प्रश्न वेळेचाही आहे. १९४८ नंतर बहुसंख्य बेने इस्रायल इस्रायलला गेले. भारतात आता काही हजारच उरले आहेत. जुन्या चाली कागदावर पूर्णपणे उतरत नाहीत, त्या गळ्यातून गळ्यात जातात. म्हणूनच मंचावरील सोहळ्यापूर्वी दोन्ही समाजांतील वृद्ध गायकांच्या चालींचे ध्वनिमुद्रण होणे अधिक निकडीचे आहे. चालीच हरवल्या, तर एकत्र गायचे काय, हा प्रश्न उरेल.