घोड्यावरची नायिका आणि आमचे कथाकार

प्रेमकथेत घोडा आला की आमच्या कथाकारांची लेखणी चौखूर उधळते. नायिका केस मोकळे सोडून भरधाव निघते, पडते आणि झेलायला नायक हजर! लग्न ठरले की घोडा कथेतून गायब. तो विकला की कोणाला दिला, ती रडली की नाही, काही पत्ता नाही. जिचे एक प्रेम असे एका ओळीत पुसता येते, तिच्या दुसऱ्या प्रेमावर वाचकाने विश्वास का ठेवावा?

आमचे भांडण कल्पनेशी नाही, आळसाशी आहे. घोड्यावर जीव असलेल्या बाईचा दिवस खोगिरावर कमी आणि तबेल्यात जास्त जातो. खरारा, चंदी, पाणी, खुरांतली माती काढणे, दर सहा-आठ आठवड्यांनी नालबंद. घोड्याला उलटी होत नाही, म्हणून साधी पोटदुखीही त्याच्या जिवावर बेतू शकते. अशा रात्री ती त्याला सोडून मेहंदीला बसेल काय? आणि तबेल्यात तिच्यासोबत पहाटेपर्यंत कोण जागेल? खरी प्रेमकथा इथे सुरू होते.

कोणी म्हणेल, ‘आपल्या मुली कुठे घोड्यावर बसतात?’ केरळच्या निदा अंजुमने २०२३ साली फ्रान्समध्ये तरुण स्वारांच्या जागतिक स्पर्धेत १२० किलोमीटरची दौड पूर्ण केली. या दौडीत प्रत्येक टप्प्यावर पशुवैद्य घोड्याची नाडी आणि चाल तपासतात. घोडा लंगडला की स्वार बाद. म्हणजे पुढे जायचे तर आधी सोबत्याचा दम ओळखावा लागतो. प्रेमाचा याहून चांगला धडा कोणता? डेन्मार्कच्या लिस हार्टेलचे पाय पोलिओने गुडघ्याखाली लुळे पडले होते, तिला उचलून घोड्यावर बसवावे लागे. तिने १९५२च्या ऑलिम्पिकमध्ये पुरुषांच्या बरोबरीने उतरून रौप्यपदक घेतले. आणि हातावर बाज घेतलेली घोड्यावरची चांदबीबी तर आपल्याच दख्खनच्या चित्रांतली!

लगाम, रिकीब, नाल, तबेला हे शब्द अरबी-फारसीतून मराठीत येऊन केव्हाच घरचे झाले. शब्द घरचे, मग घोडा तेवढा सिनेमातून उसना का?

आमची मागणी मोठी नाही. कथा लिहिण्यापूर्वी एक सकाळ तबेल्यात काढा. घोड्याचे कान कधी मागे वळतात ते पाहा. नायिकेच्या ओढणीला गवताचा आणि घामाचा वास येऊ द्या. तो वास ज्याला खपत नाही, त्याच्याशी तिचे लग्न लावू नका.