फोन लागत नाही तेव्हा

ऑगस्ट २०१९मध्ये सांगलीच्या आयर्विन पुलाजवळ कृष्णेने ५७ फुटांची पातळी ओलांडली. धोक्याची पातळी ४५ फूट. वस्त्या बुडाल्या, वीज गेली आणि माडीवर अडकलेल्या वृद्ध आईवडिलांचे मोबाईल एकेक करून मुके झाले. जुलै २०२१मध्ये साताऱ्यातील पाटण तालुक्यात आंबेघर, मिरगाव, ढोकावळे येथे दरडी कोसळल्या, तेव्हा मदत पोहोचायलाच वेळ लागला. मुंबईतल्या लेकरांना खबर कशी लागावी?

यात दैवापेक्षा यंत्राच्या रचनेचा भाग अधिक. मोबाईलचा मनोरा विजेवर चालतो. वीज गेली की काही तास बॅटरीवर, पुढे डिझेलवर. रस्ता बुडाला की डिझेलही येत नाही. पूर जे प्रथम हिरावतो, त्यावरच हा धागा टांगलेला. जुन्या तारेच्या दूरध्वनीला निदान केंद्राकडून तारेतूनच वीज मिळे. घरात अंधार असला तरी घंटी वाजे.

आक्षेप यंत्रावर नाही. ‘फोन आहे ना’ या भरवशावर आपण काहीच ठरवून ठेवत नाही, यावर आहे. पाणी किती फुटांवर आले की आईने घर सोडायचे, कोणाकडे जायचे, औषधांची पिशवी कोणी उचलायची, हे पावसाळ्याआधीच शेजाऱ्यापाजाऱ्यांसह ठरले पाहिजे. आयर्विन पुलाची पातळी बातम्यांतून पुण्यातल्या मुलालाही कळते. बोलणे आधी झालेले असेल, तर फोन मुका असतानाही आई कुठे असेल, हे त्या आकड्यावरून त्याला उमगेल.