कॅमेऱ्यात हरण दिसतं, माणूस का दिसत नाही?



ममदापूर-राजापूरकडं कॅमेरा येतो तो हरणं बघायला. येवल्याहून गाड्या येतात, काळविटाचे फोटो काढतात अन् जातात. त्याच माळावर आपली माणसं वर्षानुवर्षं बाजरी पेरतात, ती फोटोत कुठंच नसतात. मग दाव्याच्या वेळी साहेब विचारतो, "तुम्ही इथं कधीपासून आहात?"

म्हणून आनंद पटवर्धन या माणसाबद्दल सांगायचंय. जन्म १९५० चा, मुंबईचा. बिहारमधल्या जेपींच्या आंदोलनापासून तो माहितीपट काढतोय. १९८५ साली त्यानं मुंबईतल्या झोपडपट्टीवाल्यांवर 'हमारा शहर' काढला. त्यात एक बाई त्यालाच झापते, की फोटो काढून तुमचं नाव होईल, गरिबाला काय मिळणार? दुसऱ्यानं तेवढं कापून टाकलं असतं. यानं ठेवलं. अन् पुढच्याच वर्षी झोपडीवाल्यांना पर्यायी जागा मिळावी म्हणून स्वतः उपोषणाला बसला.

१९९५ साली सिमंतिनी धुरू यांच्याबरोबर त्यानं 'नर्मदा डायरी' काढली. त्यात अक्कलकुवा तालुक्यातल्या मणिबेलीचे आपले भाऊबंद आहेत. धरणाच्या पाण्यात गाव का सोडणार नाही, हे ते आपल्या तोंडानं सांगतात.

'जय भीम कॉम्रेड' तर आपल्या येवल्याशी नातं सांगणारा. बाबासाहेबांनी १९३५ साली धर्मांतराची घोषणा केली ती इथंच. त्यांच्याच माणसांवर १९९७ साली रमाबाई नगरात गोळीबार झाला, दहा जण गेले. त्या चित्रपटाला चौदा वर्षं लागली. तयार झाल्यावर तो वस्त्यावस्त्यांत पडदा लावून दाखवला. दूरदर्शननं त्याचे काही चित्रपट नाकारले, तेव्हा कोर्टात जाऊन त्यानं ते दाखवायला लावले.

काही साथी म्हणतील, सिनेमानं सातबारा मिळतो का? नाही मिळत. सिनेमा निघाला तरी मणिबेली बुडालीच. हे खोटं सांगून चालणार नाही. पण मणिबेलीची माणसं तिथं होती, काय बोलली, हे आता कुणी पुसू शकत नाही.

माझं म्हणणं एवढंच. वस्तीवर कुणी कॅमेरा घेऊन आलं तर हाकलू नका, पण दोन गोष्टी विचारा. आमचं आम्हाला बोलू देशील का? अन् तयार झाल्यावर इथं आणून दाखवशील का? हो म्हणाला तर चहा पाजा.

अन् त्याची वाट बघत बसायचं कारण नाही. पोरांच्या मोबाईलमध्ये कॅमेरा आहे. वनहक्क कायद्याच्या नियमात झोपडी, बांध, सपाट केलेली जमीन, म्हाताऱ्यांचा लेखी जबाब, हे सगळं पुरावा म्हणून धरलंय. म्हाताऱ्यांना बांधावर न्या, त्यांचं बोलणं भरून घ्या, मग ते लिहून अंगठा घ्या अन् दाव्याला जोडा. दरसाल एकेक म्हातारा कमी होतोय. तो गेला की त्याच्याबरोबर पुरावाही जातो.

हरणांचे फोटो पुष्कळ झाले. आता आपले निघू द्या.