वाडा पाडायच्या आधी

आमच्या घरात सध्या एकच विषय आहे. फोनवर तोच, लग्नाच्या पंगतीत तोच. गावचा वाडा पाडायचा की ठेवायचा? खरं सांगायचं तर पाडायचा हे बहुतेकांचं ठरलेलंच आहे, प्रश्न फक्त सह्यांचा आहे. एक सही माझीही लागते (लेकींचा वाटा असतो हो, कितीही विसरायचं म्हटलं तरी!), म्हणून माझं मत ऐकून घेणं भाग आहे. फोनवर ते नीट सांगता येत नाही, मध्येच कुणीतरी चहाला उठतं. म्हणून इथे लिहिते आहे.

ज्यांनी झाडीपट्टी पाहिलेली नाही त्यांच्यासाठी थोडं. गोंदिया म्हणजे महाराष्ट्राचं पूर्वेचं टोक, १ मे १९९९ पर्यंत भंडारा जिल्ह्याचाच भाग. धान, तळी आणि जंगल. आमच्याकडचा 'वाडा' म्हणजे पुण्याचा पेशवाई वाडा डोळ्यासमोर आणू नका. मातीच्या हातभर जाड भिंती, सागाचे खांब, वर कवेलू, समोर ओसरी, ओसरीत बंगई, मागे धानाच्या कोठ्या आणि सांदवाडी. दरवर्षी कवेलू फेरावे लागतात. फेरणारे हात आता मिळत नाहीत, आणि मिळाले तरी माकडं दोन दिवसांत सगळं पूर्ववत करतात. तेव्हा वाडा पाडू म्हणणाऱ्यांना मी दुष्ट समजत नाही. एकेकाच्या वाट्याला दीड खोली येते, त्या दीड खोलीसाठी नागपूरहून आणि पुण्याहून कोण येणार?

दुसरा पक्ष 'हेरिटेज'वाल्यांचा. नवेगाव-नागझिरा २०१३ साली व्याघ्र प्रकल्प झाला, पर्यटक येतात, त्यांना बंगईवर बसवून झुणका-भाकरी वाढू, भिंतीवर पणजोबांचा फेटेवाला फोटो लावू, खाली लिहू 'मालगुजारांचा इतिहास'. (झुणका-भाकरी! आमच्याकडे भात खातात, पण पर्यटकाला महाराष्ट्र म्हणून तेच हवं असतं म्हणे.) या मंडळींनी इतिहासाची एक चार पानी पुस्तिकाही तयार केली आहे. ती वाचली आणि मला लिहावंसं वाटलं.

चार पानांत आठ माणसं आहेत. आठही आमचीच, आठही पुरुष.

आता मालगुजार म्हणजे कोण? नागपूरकर भोसल्यांच्या काळात गावचा वसूल गोळा करून भरणारा पाटील. १८५४ मध्ये राज्य खालसा झालं, आणि पुढे १८६०च्या दशकातल्या बंदोबस्तात इंग्रजांनी या वसूल करणाऱ्यालाच गावाचा मालक करून टाकलं. काल जो पैसे पोचवत होता तो आज धनी. पुस्तिकेत 'आमच्या पूर्वजांनी हे गाव वसवलं' असं लिहिलंय. वसवलंही असेल, पण मालकी मिळाली ती कागदाने. आणि गेली तीही कागदानेच. मध्यप्रांत-वऱ्हाडात मालकी हक्क नाहीसे करणारा कायदा १९५० चा, अंमल ३१ मार्च १९५१ पासून. घर आणि घरची शेती राहिली. जंगल, गावठाण, पडीक आणि बहुतेक तळी सरकारजमा झाली. ज्या तळ्याच्या पाण्यावर दुसऱ्या कुणाचाही हक्क नव्हता तेवढंच मालकाकडे राहू शकलं. अशी तळी किती असणार?

त्याहून आधीचं उदाहरण पाहा. गोंदियाजवळचं कामठा (नागपूरजवळची कामठी नव्हे, ती छावणीची). इथली जमीनदारी कुणबी घराण्याकडे होती. १८१७ च्या नोव्हेंबरात सीताबर्डीची लढाई झाली, पुढे आप्पासाहेब भोसले इंग्रजांच्या हातून निसटले, आणि १८१८ मध्ये कामठ्याचा चिमणा पटेल इंग्रजांविरुद्ध उठला. कॅप्टन गॉर्डनची फौज आली, कामठा पडलं, पटेल कैदेत गेला आणि जमीनदारी लोधी घराण्याला मिळाली. घर तेच, गावं तीच, मालक दुसरे. वाड्याचा इतिहास म्हणजे घराण्याचा इतिहास असं म्हणणाऱ्याने एकदा कामठ्याकडे बघावं.

मग टिकलं काय? तळी टिकली. भंडारा, गोंदिया, चंद्रपूर, गडचिरोलीत मिळून हजारोंनी आहेत. सरकारी भाषेत 'माजी मालगुजारी तलाव', त्याचं झालं 'मामा तलाव'. मला हे नाव फार आवडतं. मालगुजार गेले, मामा राहिले! पण नावात मालगुजार असला तरी बहुतेक तळ्यांचं कसब कोहळी लोकांचं. उताराचा अंदाज घेऊन कुठे पाळ घालायची, तुडूम कुठे बसवायचं, जास्तीचं पाणी सलंगावरून कसं काढून द्यायचं, म्हणजे खालच्या तळ्याला ते मिळेल आणि पाळ फुटणार नाही, हे सगळं त्यांनी यंत्राशिवाय केलं. नवेगाव बांध कोलू पाटील कोहळी यांच्या नावाने ओळखला जातो, अठराव्या शतकातला. डोंगरांच्या मधल्या फटी तेवढ्या मातीने बुजवल्या आणि एवढं पाणी अडलं. मारुती चितमपल्लींनी या नवेगावावर इतकं लिहिलं की पुण्या-मुंबईच्या वाचकालाही ते ओळखीचं झालं. पण पाळीवर माती टाकणारे कोण होते? गोंड असतील, ढिवर असतील, महार असतील. त्यांच्या डोक्यावरच्या टोपल्यांचा हिशोब कुठल्या पुस्तिकेत आहे?

इथे थोडं विषयांतर, पण कामाचं आहे. वेल्समध्ये, रेक्सम गावाजवळ, एर्डिग नावाचा एक जुना जमीनदारी वाडा आहे. आमचा आतेभाऊ तिकडे राहतो, त्याच्याकडे गेले होते तेव्हा पाहिला. सतराव्या शतकाच्या शेवटी बांधला. बांधणारा कर्जात बुडाला. पुढे १७३३ पासून यॉर्क नावाच्या घराण्याकडे. शेवटच्या यॉर्कच्या काळात घराखाली कोळशाची खाण पोचली आणि घर खचायला लागलं. घरात वीज नव्हती, छतातून पाणी गळायचं. शेवटी १९७३ मध्ये त्याने ते नॅशनल ट्रस्टला देऊन टाकलं. ब्रिटनमध्ये त्या शतकात असे शेकडो वाडे पाडले गेले. तिथल्याही वारसांना छत परवडत नव्हतं, हे ऐकून मला तरी बरं वाटलं.

पण एर्डिग प्रसिद्ध आहे ते वेगळ्याच कारणासाठी. त्या घराण्याला अठराव्या शतकापासून एक नाद होता. घरच्या नोकरांची चित्रं काढून घ्यायची आणि त्याखाली त्यांच्यावर पद्यं लिहायची. सुतार, माळी, लोहार, घरकाम करणारी बाई, शिकारीची राखण करणारा. पुढे कॅमेरा आला तेव्हा त्यांचे फोटो. १९७७ मध्ये घर लोकांसाठी उघडलं, तेव्हा आत जायचा रस्ताही मागच्या अंगाने ठेवला. आधी सुतारशाळा, तबेला, भट्टी, धोबीघर, आणि मग दिवाणखाना.

म्हणून ते मालक देवमाणसं होती असं मी म्हणत नाही. पद्य लिहिल्याने पगार वाढत नाही. पद्यांत एक मालकी थट्टाही असते, लाडक्या कुत्र्यावर लिहावं तशी. पण नाव आहे, चेहरा आहे, काम काय होतं ते आहे. आमच्याकडे तेवढंही नाही.

'आपल्याकडे कुठे होती चित्रं काढायची पद्धत?' असं काकांनी विचारलं. बरोबर. चित्रं नव्हती, पण वह्या होत्या. मालगुजार हिशोबाला पक्का. कुणाला किती पायली धान दिलं, वर्षाच्या बोलीवर राहिलेल्या सालदाराच्या नावे किती उचल, कोण किती दिवस आलं नाही, कुणाच्या लग्नाला काय दिलं आणि ते पुढच्या साली कसं कापलं. बेगारीचे दिवस लिहीत नसत, कारण ज्याचे पैसे द्यायचे नाहीत ते लिहायचं कशाला? पण बाकीचं आहे. एक लोखंडी ट्रंक भरून आहे. मागच्या उन्हाळ्यात ती रद्दीत निघाली होती.

तर माझं मत असं. वाडा पाडायला माझी हरकत नाही. सही देईन. पाडायच्या आधी त्याचा नकाशा काढा, खोल्या-खोल्यांचे फोटो घ्या, कोठ्यांचे आणि मागच्या दाराचेसुद्धा. कामावरची माणसं त्याच दाराने यायची, पुढच्या ओसरीवर त्यांना बसू देत नसत, हे पुस्तिकेत लिहा. आज्जीने ते कधी लपवलं नाही, आपणच का लपवावं? आणि पर्यटकांसाठी फेटेवाला फोटो लावायचाच असेल, तर शेजारी वहीचं पान लावा. त्या माणसांची नावं मी इथे देत नाही. त्यांची नातवंडं गावातच आहेत, आधी त्यांना विचारायला हवं.

दुसरं, सागाच्या खांबांचे पैसे. चांगले येणार आहेत, जुन्या सागाला मागणी आहे. ते वाटून घेतले तर प्रत्येकाचा एक मोबाईल होईल. ते तळ्यासाठी द्यावेत असं मी सुचवते. तळं सरकारचं आहे, आपण कशाला, हे मला माहीत आहे. पण पोटात गाळ आहे, काठाने बेशरम माजली आहे, आणि ज्यांचं पोट त्यावर आहे ते ढिवर सांगतात की जुने मासे दिसत नाहीत. अर्जुनी मोरगावकडे ढिवर बायांनी हे काम करून दाखवलंय. बेशरम उपटली, देशी पाणवनस्पती लावल्या, मासे परतले. आपल्याकडे सारसही येतो, अख्ख्या महाराष्ट्रात तो जवळपास गोंदियातच उरलाय, आणि तो वाड्यावर बसत नाही, तळ्यावर आणि धानाच्या बांधीत उतरतो.

'तू शहरात राहून आम्हाला अक्कल शिकवतेस' हे येणारच आहे, तयारी आहे माझी. गावात राहणाऱ्या धाकट्या काकांचं मत मात्र मी आधी विचारलं होतं. ते म्हणाले, वाडा पडला तर पडू दे, पण धान रोवायला पाणी पाहिजे.

ट्रंक सध्या माझ्याकडे आहे. वह्या मोडीत आणि देवनागरीत अशा दोन्हीत आहेत. मोडी वाचणारं कुणी ओळखीचं असेल तर कृपया कळवा. देवनागरीतली एक वही मी अर्धी उतरवून काढली. त्यात एका बाईच्या नावापुढे सलग सहा पानं 'पाळीची माती' एवढंच लिहिलंय, आणि दर वेळी पुढे धान, दोन पायली.